टाकीवरचं नाव

आप्पा, तुमची मशीन परवा भंगारात गेली. गोठ्याशेजारच्या पत्र्याच्या छपराखाली ती इतकी वर्षं पडून होती, की कोंबड्यांनी तिच्या पुलीमागं अंडी घालायची जागा करून घेतली होती. घरातल्या नातवंडांना तर ती मशीन आहे हेच ठाऊक नव्हतं, त्यांच्या लेखी ती नुसती अडगळ. तुमच्या जावयांना ट्रॅक्टरसाठी जागा हवी होती, म्हणून देवणीहून भंगारवाला टेम्पो घेऊन आला. मला वाटलं होतं, मला काहीच वाटणार नाही. मी ओट्यावर तांदूळ निवडत बसले होते. त्यानं आणि त्याच्या जोडीदारानं टाकी जमिनीवरून ओढत नेली, तसा गंजाचा एक मोठा पापुद्रा सुटला आणि खालून निळा रंग निघाला, निळ्यावर पिवळी अक्षरं. भंगारवाल्यानं तळहातानं ती पुसली, वाचली, आणि मला विचारलं, “मावशी, ही कोन हो?” मी त्याला उत्तर दिलं. पण ते तुम्हाला एकदम सांगायची हिंमत होत नाही, म्हणून आधी बाकीचं लिहिते.

नांदेडचं थोडक्यात सांगते. गिरणीच्या वर्कशॉपात तुम्ही हवेच्या मशिनी सांभाळायचात, आणि विष्णुपुरीला धरणाचं काम निघाल्यावर गुत्तेदारांचे मोठाले कंप्रेसर दुरुस्त करायला सायकलवर जायचात. खडक फोडायचे घण त्या हवेवर चालायचे. संध्याकाळी परत आलात की भुवया पांढऱ्या, कान पांढरे, आणि आई दारातच अडवून म्हणायची, “आधी अंगणात झटकून या, मग घरात.” लातूर जिल्हा झाला तसं तुम्हाला नांदेडात चैन पडेना. नवा जिल्हा, नवी कचेरी, नवी औद्योगिक वसाहत, शेड मिळतात म्हणे. “दुसऱ्याच्या मशिनी किती दिवस उघडायच्या, आता आपली बनवू,” असं म्हणून तुम्ही आमचं बिऱ्हाड ट्रकमध्ये घातलंत. वाटेत अहमदपूरला आईनं भाकरीचं गाठोडं सोडलं तर भाकरीला ग्रीसचा वास. ती तेव्हा हसली होती. पुढं जन्मभर तोच वास आपल्या घरात राहिला.

शेडमध्ये पुढं लेथ, मागं स्वयंपाकघर, मधे पत्र्याची भिंत. कोल्हापूरहून कंप्रेसरचे ओतीव सिलेंडर यायचे, ते तुम्ही लेथवर आतून गुळगुळीत करायचात. पत्रा वाकवून टाक्या वेल्डिंग करायचात आणि सांध्यांवर साबणाचा फेस लावून कुठं बुडबुडा येतो का बघायचात. तो साबण आईचा, कपड्यांचा, त्यावरून तुमची रोज जुंपायची. नवी मशीन तयार झाली की ती दिवसभर चालवून बघितल्याशिवाय शेडबाहेर सोडायची नाही, ही तुमची रीत. भिंतीपलीकडं ती धडधडायची आणि अलीकडं मांडणीवरची ताटं थरथरायची. धाकट्या भावानं पाढेसुद्धा त्या ठोक्यावर पाठ केले. मशीन पास झाली की पेंटरला बोलावून टाकीवर नाव टाकायचं. गिऱ्हाईक सांगेल ते, कुणाचं देवाचं, कुणाचं पोराचं, कुणाचं गेलेल्या बापाचं. निळ्यावर पिवळं, हा रंग मात्र तुमचा. रंग बदला म्हणणाऱ्या गिऱ्हाइकाला तुम्ही सरळ दुसऱ्या दुकानाचा रस्ता दाखवायचात.

मग पाऊस गेला. एक वर्ष गेला, दुसऱ्या वर्षीही नुसता ढग दाखवून गेला. विहिरींचे तळ दिसायला लागले आणि जो तो बोअर पाडायला धावला. बोअरमध्ये पाणी थोडं आणि खोल. ते वर आणायला तुमची मशीन. एका नळीनं हवा खाली सोडायची, दुसऱ्या नळीतून पाणी वर येतं, सलग धार नाही, खोकत खोकत. आपल्या शेडपुढं जीप, बैलगाड्या, उदगीर-निलंग्याकडची माणसं ताटकळत बसलेली असायची. शेजारच्या बाया टँकरमागं पळत होत्या आणि आपल्याकडं दुसरी लेथ आली. आईला तुम्ही त्या वर्षी इरकल घेतलीत. तिनं ती घडी न मोडता पेटीत ठेवली आणि मला म्हणाली, “नवं कापड पुढच्या दोरीवर वाळत घालू नको ग, लोक काय म्हनतील.” जगाचं वाईट चाललं होतं म्हणूनच आपलं बरं चाललं होतं, हे घरात कुणी तोंडानं बोललं नाही, पण दोरी मात्र मागच्या अंगाला गेली. माझी लाज तिथून सुरू होते, त्या दोरीपासून.

त्याच उन्हाळ्यात माझं लग्न ठरलं. देवणीकडचं गाव, बऱ्यापैकी शेती, दावणीला अस्सल देवणी बैल. बोलणीच्या वेळी माझ्या सासऱ्यांनी एकच मागणी केली. “आमाला मोटारसायकल नको, सोनं नको. तुमच्या हातची एक मशीन द्या, इवाई.” तुम्ही किती खूश झालात. तोवर तुमच्या हाताची अशी कदर कुणी केली नव्हती. ती मशीन तुम्ही दुसऱ्या कुणाला हात लावू न देता केलीत, जेवायला हाक मारली तरी उठायचा नाहीत. मांडवात तांदळाच्या ताटात अंगठीनं माझं नवं नाव लिहिलं गेलं, सगळ्यांनी वाकून वाचलं, पेढे वाटले. जुनं नाव तिथंच संपलं आणि तांदूळ परत डब्यात गेले. पण सासरी मशीन गाडीतून उतरवली तर टाकीवर माझं जुनंच नाव, तुम्ही बारशाला ठेवलेलं. सासूबाईंच्या कपाळाला आठी पडली. “नाव बदललंय की आता. हे कामून टाकलं?” मामंजी म्हणाले, “ऱ्हाऊ दे. मशीनला थोडंच सासर असतंय.” सगळे हसले, मीही हसले. तुम्हाला नवं नाव ठाऊक नव्हतं, की ठाऊक असून तुम्ही हट्टानं जुनं घातलंत, हे मी कधी विचारलं नाही. ते नाव मी इथंही लिहीत नाही. तुम्हाला ते ठाऊक आहे, तेवढं पुरे.

आमचं बोअर मळ्यात, गावाच्या खालच्या अंगाला, आणि बांधापलीकडं लगेच बौद्ध वस्ती. वस्तीला नुकताच हापसा मिळाला होता. नवा जिल्हा झाल्यावर गावात जे काही पहिलं आलं त्यातला तो एक. त्याआधी वस्तीतल्या बायांना गावच्या विहिरीवर जाऊन खाली उभं राहावं लागायचं, वरून कुणी ओतेपर्यंत. हापसा आला आणि ते उभं राहणं संपलं. वस्तीतल्या पोरांनी त्याच्या ओट्याला निळा रंग दिला होता. सकाळी बाया तिथं मोठमोठ्यानं हसायच्या ते मला मळ्यात ऐकू यायचं. मग आमची मशीन बसली. नारळ फुटला, लाइट आली, बटण दाबलं, आणि नळीतून पाणी असं उसळलं की मामंजींनी फेटा काढून डोकंच खाली धरलं. तुमची मशीन खरंच झकास होती आप्पा. इतकी झकास, की आसपासचं जमिनीखालचं सगळं पाणी तिच्याकडं यायला लागलं. ती चालू असेपर्यंत बांधापलीकडचा हापसा नुसती हवा ओढायचा. ती बंद झाली की बऱ्याच वेळानं त्याला थोडं पाणी चढायचं, तोवर पुन्हा लाइट यायची आणि ती पुन्हा सुरू व्हायची.

वस्तीतल्या शाळेत जाणाऱ्या एका पोरीनं टाकीवरची अक्षरं वाचून दाखवली होती. बायांना ते कंपनीचं नाव वाटलं आणि तेच मशीनचं नाव पडलं. आमच्या उसात खुरपायला येणारी एक होती, माझ्याच वयाची, तोंडानं फटकळ, जरा काही खटकलं की मुकादमालाही सुनवायची. मी भाकरी घेऊन गेले होते, तर ती मला म्हणाली, “वैनी, तुमची ती मशीन लई वंगाळ हाय बगा. ती बोंबलाया लागली की आमचा हापसा मरतो.” ‘मशीन’ मी लिहिते आहे, तिनं नाव घेतलं. मग बाकीच्या बायाही सुरू झाल्या. मेली, घरबुडवी, आमचं पानी पिऊन फुगलीया, आणि प्रत्येक शिवीच्या मागंपुढं माझं नाव. मी मान खाली घालून वाढत राहिले. ते नाव माझं आहे हे मी सांगितलं नाही. काय म्हणून सांगायचं होतं?

मामंजी वाईट माणूस नव्हते. हापशाला पाणी येत नाही हे कानावर आल्यावर त्यांनी चावडीवर सांगून टाकलं, की मशीन चालू असताना वस्तीनं आमच्या नळीवरून खुशाल पाणी न्यावं. गावात त्यांची वाहवा झाली. सासूबाई स्वतः नळीपाशी उभ्या राहायच्या. “जरा लांबून धरा ग घागर. नळीला लावू नका.” म्हणजे संपलेलं उभं राहणं पुन्हा सुरू झालं, फक्त विहिरीऐवजी आमच्या बांधावर. त्यांच्याच पायाखालचं पाणी ओढून त्यांनाच दान करायचं, आणि वर पुण्य आमच्या पदरी. दुपारी बाया बांधावर बसून लाइटची वाट बघायच्या. “चालू झाली का ग?” एकमेकींना विचारायच्या, आणि विचारताना माझं नाव घ्यायच्या. शिव्या घालताना जे नाव, तेच वाट बघताना. मी मळ्यात काम करता करता ऐकायचे आणि मला कुठं तोंड लपवू असं व्हायचं.

पहिल्या पंचमीला मी माहेरी आले. बाहेर पोरी झोके बांधत होत्या, भिंतीपलीकडं आई दिंडांसाठी पुरण वाटत होती, आणि तुम्ही लेथपाशी एका मशीनचं हेड उघडून बसला होतात. मी म्हणाले, “आप्पा, ती मशीन वापस आणा.” तुम्ही मान वर न करता विचारलंत, “का? बंद पडली?” “न्हाई. लई चालते.” मग मी सगळं सांगितलं. तुम्ही हातातला पाना काही खाली ठेवला नाहीत. “मी मशीन देतो. जमिनीतलं पानी कुनाचं हाय ते मी बघत नसतो. तसं बघाया लागलो तर उद्या शेडला कुलूप घालावं लागंल.” मी म्हणाले, “वस्तीतल्या बाया शिव्या देऊन राहिल्यात.” “कुनाला, मला?” “मशीनला. नाव घेऊन.” तुमचा हात थांबला. पलीकडं पाटा-वरवंट्याचा आवाजही थांबला. आणि मग तुम्ही असे चिडलात की मी तुम्हाला तसं कधी बघितलं नव्हतं. “ज्या मशीनवर तुझं लग्न झालं तिलाच नावं ठेवाया आलीस? जा, आईला हातभार लाव.” मी आत गेले. त्या दिवशीची दिंडं कुणालाच गोड लागली नाहीत, भाऊ मात्र दोन ताटं जेवला.

पोळ्याच्या आधी तुम्ही न सांगता आलात, हातात ती कायमची हत्यारांची पिशवी. एसटीतून उतरून तुम्ही घरी न येता आधी हापशावर गेलात, हे तुम्हीच मला नंतर गोठ्यात सांगितलंत, बैलाच्या पाठीवरून हात फिरवत, माझ्याकडं न बघता. लाइट नव्हती, त्यामुळं हापसून बघितल्यावर थोडं पाणी आलं. पिशवी बघून बाया गोळा झाल्या. हापशाच्या मिस्त्रीसाठी त्यांनी किती दिवसांपासून अर्ज केले होते. “आलाव का बाबा एकदाचे,” त्या म्हणाल्या, “लई वाट बघितली तुमची.” तुम्ही नाही म्हणाला नाहीत. हापसा उघडलात, आतलं वायसर बदललंत, जे खराब झालेलंच नव्हतं. त्या फटकळ बाईनं घरातून चहा करून आणला, कपबशीत. कुणाच्या तरी घागरीच्या तळाचं पाणी असणार ते. “प्यालो,” तुम्ही मला म्हणालात. “नको म्हनलं असतं तर त्यांना वाटलं असतं, ह्यो आपल्या हातचं पीत न्हाई.” ते खरंच होतं, त्यांना तसं वाटलंच असतं. पण ज्या मिस्त्रीसाठी तो चहा होता तो तुम्ही नव्हतात, आणि हे तुमच्या तोंडावर दिसत होतं.

ओसरीवर मामंजींनी तुम्हाला पाट दिला, पान दिलं. “कसं काय येनं केलं, इवाई?” तुम्ही घसा खाकरलात. “ते मशीनचं जरा...” एवढंच म्हणालात. मामंजी हसत म्हणाले, “काय, दिलेली वस्तू वापस न्यायला आलाव का काय?” ते गमतीनंच म्हणाले. पण लग्नात दिलेलं बापानं परत मागणं म्हणजे काय, हे आपल्याकडं शेंबड्या पोरालाही कळतं. त्यानंतर त्या घरात लेकीला मान राहत नाही. तुम्ही माझ्याकडं बघितलंत. मी स्वयंपाकघराच्या दारात उभी होते. तुम्ही माझ्या एका शब्दाची वाट बघत होतात, नुसती मान हलवली असती तरी तुम्ही बोलला असतात, हे मला कळत होतं. मी पदर नीट केला आणि दूध उतू जाईल म्हणून आत गेले. दूध तर मी अजून चुलीवर चढवलंच नव्हतं. आतून मला तुमचा आवाज ऐकू आला, “न्हाई न्हाई. सर्व्हिसिंगला आलो. नवी हाय तवाच एकदा उघडून बघितलेली बरी.”

मग तुम्ही मळ्यात जाऊन मशीन उघडलीत. मी पाणी द्यायच्या निमित्तानं आले आणि तिथंच उभी राहिले. मला वाटलं, तुम्ही काहीतरी ढिलं करून ठेवाल. आत हवा अडवणारी एक पातळ पत्ती असते, ती उलटी बसवली की मशीन नुसती धडधडते, हवा काही दाबत नाही. एवढं तुमच्या शेडमध्ये वाढलेल्या मलाही ठाऊक होतं. तुम्ही ती पत्ती काढलीत. पुसलीत. उलटी करून बघितलीत, बराच वेळ तशीच धरून बसलात. मग तुम्ही तिच्यावरची काजळी खरवडलीत, रॉकेलनं धुतलीत आणि जशी हवी तशीच परत बसवलीत. पट्टा ताणलात, तेल बदललंत, पिशवीतून नव्या रिंगा काढून त्याही घातल्यात. लाइट आल्यावर चालू केलीत तर ती आधीपेक्षा सुरेख चालली. मामंजी म्हणाले, “वा इवाई, आवाजच बदलला की.” तुम्ही कापसाच्या बोळ्यानं हात पुसत राहिलात. जी मशीन थांबवायला आलात तिला तुम्ही आणखी जोर देऊन निघालात. मला तुमची लाज वाटली आप्पा, आणि रागही आला, आणि तो राग तुमच्यापेक्षा माझ्यावरच जास्त होता.

मी तुम्हाला रस्त्यापर्यंत सोडायला निघाले. वाट वस्तीवरूनच जाते. मागं मशीन धडधडत होती. हापशावर ती फटकळ बाई दांडा मारून राहिली होती, नुसता खडखडाट, नळातून थेंब नाही. तुम्हाला बघून म्हणाली, “मिस्त्री, पुन्यांदा बिघडला की ओ.” तुम्ही पुढं चालत राहिलात. वळणावर एसटी दिसली. माझा पदर बाभळीच्या काट्यात अडकला होता, मी मागं राहिले होते. तुम्ही वळून मला हाक मारलीत, नाव घेऊन. जुन्या नावानं, शेडमधून मारायचात तशी, लेथच्या वर आवाज काढून. मुद्दाम नाही मारलीत, तोंडातून आली. दांडा थांबला. त्या बाईनं माझ्याकडं बघितलं, मग मळ्याकडं, मग तुमच्याकडं आणि तुमच्या हातातल्या पिशवीकडं. तुम्हीही जागीच थांबलात. मला वाटलं, आता ती सोडत नाही, आता सगळं गाव गोळा करणार. ती म्हणाली, “लेक व्हय तुमची? मंग जावा की बिगीनं, एसटी चुकंल.” आणि रिकामी घागर काखेत घेऊन घराकडं गेली. तुम्ही एसटीत चढलात. दरवेळी खिडकीशी बसून हात करायचात, त्या दिवशी पलीकडच्या बाजूला बसलात.

दुसऱ्या दिवसापासून वस्तीतल्या एकाही बाईनं माझ्यासमोर मशीनचं नाव घेतलं नाही. ‘ती मशीन’ म्हणायच्या. शिव्याही बंद झाल्या. ती बाई खुरपायला येत राहिली, माझ्या हातची भाकरी घेत राहिली, पण माझ्याशी बोलताना जपून बोलायची. आम्ही त्यांच्या पाण्याची काळजी केली नव्हती, आणि त्या माझ्या अब्रूची करत होत्या. पुढच्या उन्हाळ्यात हापसा पुरता गेला, मग त्याचा दांडाही कुणी काढून नेला. पाऊस यायचा तेव्हा आला. गावभर बोअर झाले, मळ्यामळ्यात तुमच्या नाहीतर दुसऱ्या कुणाच्या मशिनी धडधडायला लागल्या, आणि शेवटी सगळ्यांचंच पाणी खाली गेलं, आमचंही. तेव्हा ती मशीन बंद झाली आणि छपराखाली गेली. वस्तीला नळ फार उशिरा आला. ती बाई नोकरीला लागलेल्या लेकाकडं नांदेडला राहायला गेली. जाताना मला भेटून गेली नाही, आणि का म्हणून भेटावं?

तुम्ही शेड बंद केली नाहीत. करायला हवी होती असं म्हणायला मला तोंड नाही, त्याच शेडवर भावाचं शिक्षण झालं, माझी दोन्ही बाळंतपणं झाली. तुम्ही फक्त टाकीवर नाव टाकायचं थांबवलंत. गिऱ्हाइकांना सांगायचात, “पेंटर मिळत न्हाई.” पेंटर समोरच्याच शेडमध्ये बिड्या ओढत बसलेला असायचा. आणि मला हाक मारणंही थांबवलंत. मी माहेरी आले की “आलीस का” म्हणायचात, “जेवलीस का” म्हणायचात, नाव घ्यायचा नाहीत. शेवटी दवाखान्यात तुम्ही आईला हाक मारली, भावाला मारली. मी पायथ्याशी उभी होते. माझ्याकडं बघून तुमचे ओठ हलले आणि तुम्ही डोळे मिटलेत. त्या हलण्यात नाव होतं की नाही, हे मला आजतागायत ठरवता आलेलं नाही.

हे कागद कुठं टाकायचे नाहीत. शेडच्या पत्त्यावर आता खताचं गोडाऊन आहे. पण लिहायला बसलेच आहे तर राहिलेलंही लिहिते. मला लाज वाटते ती दोरीची, त्या दानाची, तुम्ही प्यालेल्या त्या चहाची, न चढवलेल्या दुधाची. या सगळ्याच्या तळाशी आणखी एक आहे. त्या दिवसांत बांधावर बाया शिव्या द्यायच्या, तेव्हा मी भाकरी मुद्दाम हळू वाढायची. त्या गावात मला त्या नावानं ओळखणारं कुणी नव्हतं. नव्या नावानं कुणी हाक मारली की मी आधी मागं वळून बघायची, कुणाला बोलावतायत म्हणून. आणि इथं बांधावर बाया दिवसभर माझं नाव घेत होत्या. शिवीतून का होईना, घेत होत्या. त्या दिवशी मी दारातून आत गेले ती सासरच्या धाकानं गेले, हे खरं आहे. पण मशीन गेली की गावातून ते नावही जाईल, हे माझ्या मनात आलं होतं, हेही खरं आहे. हापशापेक्षा मला ते जड वाटलं.

भंगारवाल्यानं विचारलं, “मावशी, ही कोन हो?” मी म्हणाले, “कुनी न्हाई रे. कंपनीचं नाव हाय.” तो टाकी टेम्पोत चढवायला लागला. मी तांदळाचं सूप खाली ठेवून उठले आणि म्हणाले, “थांब जरा. काय लिव्हलंय म्हनालास? मला दिसंना.” त्यानं पुन्हा वाचलं, मोठ्यानं, मला ऐकूही कमी येत असेल असं समजून. चष्मा माझ्या डोळ्यांवरच होता.